‘आसेरेहे’: एका पदार्पणाच्या गाण्याची तीन रूपांतरं आणि त्यांचा हिशेब

२००२ सालच्या उन्हाळ्यात स्पेनमधल्या कोर्दोबा शहरातल्या तीन बहिणींचं पहिलंवहिलं गाणं युरोपभर वाजू लागलं. बहिणींची नावं लोला, लुसिया आणि पिलार मुन्योस. वडील हुआन मुन्योस हे फ्लामेंको या दक्षिण स्पेनच्या संगीतातले गिटारवादक. त्यांना ‘एल तोमाते’, म्हणजे टोमॅटो, या टोपणनावानं ओळखत. म्हणून मुलींच्या गटाचं नाव ‘लास केचप’ आणि पहिल्या अल्बमचं नाव ‘इहास देल तोमाते’, टोमॅटोच्या लेकी. गीत-संगीत कोर्दोबाच्याच मानुएल रुइस यांचं. ‘केको’ हे त्यांचं प्रचलित नाव. गाणं शेकटाऊन म्युझिक या कोर्दोबातल्या छोट्या कंपनीचं, पण ते जगभर पोचवलं सोनीनं. स्पॅनिश नाव ‘आसेरेहे’, इंग्रजी बाजारात ‘द केचप साँग’.

युरोपातल्या बहुतेक देशांत ते पहिल्या क्रमांकावर गेलं. ब्रिटनमध्ये ऑक्टोबर २००२ मध्ये एक आठवडा ते अव्वल होतं. अमेरिकेत मात्र बिलबोर्डच्या शंभरांच्या यादीत ५४ च्या वर सरकलं नाही. विक्रीचा आकडा साधारण ७० लाख प्रतींचा सांगतात. गटाला पुढे असं यश पुन्हा मिळालं नाही. २००६ मध्ये चौथी बहीण रोसिओ हिला घेऊन त्या अथेन्सच्या युरोव्हिजन या गाण्यांच्या स्पर्धेत स्पेनतर्फे उतरल्या आणि १८ गुणांवर एकविसाव्या आल्या.

इथे अभ्यासायचं आहे ते या गाण्याच्या रूपांतरांचं काय झालं ते. एकाच चालीवर ब्राझीलमध्ये एका नव्या मुलींच्या गटानं घर केलं, जर्मनीत चॅन्सेलरची, म्हणजे सरकारप्रमुखाची, नक्कल पहिल्या क्रमांकावर गेली आणि खुद्द लास केचपनी इंग्रजीमिश्रित आवृत्ती काढली. तिघांनी वेगवेगळ्या जागी हात घातला. कशाला हात लावायचा आणि काय जसंच्या तसं ठेवायचं, हे ठरवताना ही तीन उदाहरणं शेजारी शेजारी ठेवून पाहण्यासारखी आहेत. आमचं मत सुरुवातीलाच सांगतो: या गाण्याचा भार ध्रुवपदाच्या अर्थहीन अक्षरांवर आणि हातांच्या हालचालींवर आहे. कडवी बदलता येतात. हे दोन खांब हलवले की गाणं वेगळंच होऊन बसतं.

ध्रुवपद आलं कुठून

कडव्यात गोष्ट आहे दिएगो नावाच्या तरुणाची. तो अर्धा रास्ताफारी, म्हणजे जमैकातल्या त्या पंथाचा, अर्धा जिप्सी. मध्यरात्री क्लबात येतो, ओळखीचा डीजे त्याचं लाडकं गाणं लावतो आणि इंग्रजी येत नसूनही तो ते तोंडानं म्हणू लागतो. ते लाडकं गाणं म्हणजे शुगरहिल गँग या अमेरिकन रॅप गटाचं १९७९ चं ‘रॅपर्स डिलाइट’, त्यातही गटातल्या वंडर माइकच्या तोंडच्या सुरुवातीच्या ओळी. म्हणजे हे पदार्पणाचं गाणं स्वतःच एका कव्हरबद्दल, दुसऱ्याचं गाणं आपल्या तोंडानं म्हणण्याबद्दल, आहे. शिवाय ‘रॅपर्स डिलाइट’चा पायाही उसना होता: शीक या गटाच्या ‘गुड टाइम्स’चा ठेका वादकांकडून पुन्हा वाजवून घेतलेला. शीकच्या नाइल रॉजर्स आणि बर्नार्ड एडवर्ड्स यांनी हरकत घेतली, तेव्हा त्यांची नावं गीतकारांत आली.

केकोंनी मूळ रॅपची चाल घेतली नाही, ध्वनिमुद्रणाचा तुकडाही घेतला नाही. घेतला तो फक्त कानावर पडलेला उच्चार, आणि तोही अंदालुसियाच्या, म्हणजे कोर्दोबा ज्यात येतं त्या दक्षिण स्पेनच्या, कानांनी. ‘आय सेड अ हिप’ हे चार शब्द घ्या. अमेरिकन बोलण्यात ‘सेड अ’ मधला ड दोन स्वरांच्या मध्ये येतो, जिभेचं टोक टाळूला नुसतं चाटून जातं. स्पॅनिश कानाला हा ध्वनी त्यांच्या हलक्या ‘र’ सारखाच वाटतो. म्हणून ‘सेड अ’चं झालं ‘सेरे’. ‘हिप’च्या शेवटी प आहे, आणि स्पॅनिशला शब्दाच्या शेवटी प नकोसा असतो, तो गळाला, उरलं ‘हे’. ‘आय’चा झाला ‘आ’. जुळवून पाहा: आ-से-रे-हे. ‘हिप्पी’मधला प पुढे ‘ब’ होऊन ‘हेबे’ बनतो, तर ‘बूगी’ जवळपास तसाच राहतो. कागदावर यातला ‘ह’ स्पॅनिश ‘जे’ अक्षरानं लिहितात. माद्रिदकडे त्याचा उच्चार घशातून खरखरत येतो, अंदालुसियात मऊ ‘ह’ येतो. मराठी गायिकेला हे सोयीचं आहे, साधा ‘ह’ म्हटला की बरोबर. ‘ख’ म्हणायचा अट्टाहास केला तर ध्रुवपद उगाच जड होतं.

तेव्हा ही अक्षरं मनाला येईल तशी जुळवलेली बडबड नाही. प्रत्येक अक्षराला मागे एक मूळ अक्षर आहे आणि त्याच्या जागेवर त्याचा जोर आहे. हौशी गायकांचं इथेच चुकतं. अर्थ नाही म्हटल्यावर ‘काहीही म्हटलं तरी चालेल’ असं धरून चालतात, दुसऱ्या ओळीपासून अक्षरं गिळतात आणि तिघींपैकी प्रत्येकीची अक्षरं वेगळी पडतात. अर्थाच्या ओळीत एखादं अक्षर सांडलं तरी ऐकणाऱ्याचं मन ते भरून काढतं. अर्थहीन ओळीत तशी सोय नाही, गोंगाट लगेच उघडा पडतो. म्हणून आधी ध्रुवपद मोठ्या अक्षरांत एका कागदावर लिहा, सगळ्यांकडून चालीशिवाय, नुसत्या टाळीवर बोलून घ्या आणि मगच सूर लावा.

अर्थ नसण्याची आणखी एक किंमत त्या वर्षी मोजावी लागली. लॅटिन अमेरिकेत ईमेलच्या साखळ्या फिरल्या की ‘आसेरेहे’ म्हणजे फोड करून ‘पाखंडी व्हा’, ध्रुवपदात त्यापुढे येणारं ‘हा’ हे अक्षर म्हणजे यहोवा, आणि अख्खं गाणं सैतानाची आळवणी. मूळ रॅप शेजारी लावून ऐकलं की हा आरोप मिनिटभरही टिकत नाही. तरी शाळेच्या किंवा मंडळाच्या कार्यक्रमात हे गाणं घेणाऱ्यांनी उत्तर तयार ठेवलेलं बरं, कारण ती अफवा अजूनही अधूनमधून डोकं वर काढते.

ब्राझील: कडवी नवी, खांब जुने

२००२ मध्येच ब्राझीलच्या एसबीटी वाहिनीवरच्या ‘पॉपस्टार्स’ या स्पर्धेतून पाच मुलींचा ‘रूज’ हा गट निवडला गेला. निर्माता होता रिक बोनाडिओ. गटाचं पहिलं गाणं वेगळं होतं, पण रूजचं नाव घरोघरी पोचवलं ते त्यानंतर आलेल्या ‘रागातांगा’नं. ती ‘आसेरेहे’चीच पोर्तुगीज आवृत्ती, आणि तिच्यात लास केचपचाही सहभाग होता. ‘रागातांगा’ हा शब्द मूळ स्पॅनिश कडव्यातच आहे: दिएगोच्या अंगात भिनलेल्या तालाचं नाव. ब्राझीलवाल्यांनी तो उचलून शीर्षकाला लावला. केचपचा विनोद ‘एल तोमाते’ माहीत नसलेल्या देशात चालला नसता, म्हणून हा बदल शहाणपणाचा.

आता कडव्यात शिरून पाहू. ध्रुवपदाच्या आधी स्पॅनिशमध्ये तीन छोटे तुकडे येतात: ‘इ ला बाइला, इ ला गोसा, इ ला कांता’. तो नाचतो, मजा लुटतो, गातो. प्रत्येक तुकडा चार अक्षरांचा आणि जोर तिसऱ्यावर. पोर्तुगीजमध्ये तेच झालं ‘एली दांसा, एली कुर्ची, एली कांता’. पुन्हा चार अक्षरं, पुन्हा तिसऱ्यावर जोर. चालीला कुठे ठिगळ लागलं नाही. मराठीत हे करायचं झालं तर ‘तो नाचतो’ बसत नाही. एक अक्षर कमी, आणि वजन शेवटच्या ‘तो’वर पडतं. ‘आणि नाचे, आणि डोले, आणि गाई’ हे बसतं: चार अक्षरं, तिसरं दीर्घ.

याहून मोलाची जागा पुढची. स्पॅनिश कडवं म्हणतं की जिथे आणखी एक जीवही मावणार नाही अशा गर्दीत हा घुसतो. ‘जीव’ या अर्थाचा ‘आल्मा’ हा शब्द तिथे ओळीच्या टोकाला आहे. पोर्तुगीज ओळीत गर्दी गेली, जादू आणि ‘निखळ आत्मा’ आला, पण ‘आल्मा’ हा शब्द टोकाला तसाच राहिला. रूपांतरकारानं अर्थ सोडला आणि तोंडाचा आकार धरला. गाण्याच्या भाषांतरात आम्ही हा निवाडा बरोबर मानतो, कारण त्या टोकावर गायिकेला उघडा ‘आ’ हवा असतो.

दिएगोच्या वर्णनात स्पॅनिश गीतात चोरट्या मालाच्या अवशेषांचा उल्लेख आहे. पोर्तुगीजमध्ये त्या जागी ‘मालांद्रू’सारखी ऐट आली. मालांद्रू म्हणजे सांबाच्या दुनियेतला तो चलाख, उंडगा, पण लोकांना आवडणारा रिओचा माणूस. रूजचा श्रोतावर्ग शाळकरी मुलींचा होता; चोरटा माल तिथे अडला असता. नुसता वगळला असता तर ओळ फिकी पडली असती, म्हणून स्थानिक माणूस आणून बसवला.

ध्रुवपद मात्र अक्षरशः तेच, फक्त लेखन बदललं. पोर्तुगीजमध्ये ‘जे’ अक्षराचा उच्चार ‘झ’च्या जवळ जातो, म्हणून गाण्याच्या कागदावर तिथे ‘एच’ किंवा शब्दारंभीचा ‘आर’ आला. ब्राझीलमध्ये शब्दारंभीचा ‘आर’ ‘ह’सारखाच म्हणतात. कान तोच ठेवायचा तर कागद बदलावा लागतो. देवनागरीत गाण्याचा कागद करतानाही स्पॅनिश स्पेलिंगवरून ‘आसेरेजे’ लिहू नका. मुली ‘जे’च म्हणतील, आणि पक्कं बसलेलं तालमीत सुटता सुटत नाही.

इंग्रजीमिश्रित आवृत्ती

इथे फार सांगण्यासारखं नाही. लास केचपनी स्वतःच कडव्याच्या सुरुवातीला इंग्रजी ओळी घातल्या, दिएगोचं आगमन स्पॅनिशमध्येच ठेवलं आणि ध्रुवपदाला स्पर्श केला नाही. रेडिओवाल्यांना परक्या भाषेतलं गाणं लावायला निमित्त हवं असतं, ते मिळालं. तोटा असा, की इंग्रजी समजणारा दिएगो कथेत थोडा खटकतो. इंग्रजी न येणं हीच तर त्याची गंमत.

जर्मनी: अर्थ भरला, आणि काय झालं

सप्टेंबर २००२ मध्ये गेरहार्ड श्रोडर निवडणूक जिंकून पुन्हा चॅन्सेलर झाले आणि लगोलग करवाढीची चर्चा सुरू झाली. रेडिओवर ‘डी गेर्ड-शो’मध्ये श्रोडरांचा आवाज काढणारे नकलाकार एल्मार ब्रान्ट यांनी त्या शरद ऋतूत ‘श्टॉयअरसाँग’ काढलं, म्हणजे कराचं गाणं. सोबत ‘लास केचप’च्या धर्तीवर पाडलेलं ‘लास कान्त्स्लर्न’ हे नाव (कान्त्स्लर म्हणजे चॅन्सेलर). चाल ‘आसेरेहे’ची, ध्रुवपदात बडबडीऐवजी खडखडीत जर्मन: कर वाढवतो, निवडून दिलंत, आता काढता येणार नाही, अशा आशयाचं. मूळ गाण्यानं जर्मनीतल्या ज्या यादीत पहिला क्रमांक गाठला होता, तिथेच हे विडंबनही पहिलं आलं.

यश खणखणीत होतं, पण त्याची जात वेगळी. ध्रुवपदाला अर्थ दिल्याबरोबर गाणं त्या हंगामाच्या बातमीला बांधलं गेलं. जर्मन बोलणाऱ्या मुलखाबाहेर त्याला फारसं कोणी विचारलं नाही, आणि ते राजकारण जुनं झालं तेव्हा गाणंही जुनं झालं. ‘रागातांगा’चं उलट. रूज गट मोडला आणि २०१७ मध्ये पुन्हा जुळला, तेव्हाही लोकांना ते हवंच होतं. विडंबन करणाऱ्यानं ध्रुवपद बदलावंच, तो त्याचा धर्म आहे. दहा वर्षं वाजेल असं रूपांतर हवं असणाऱ्यानं मात्र ते बदलू नये.

ठेका आणि हात

आपल्याकडे कॉलेजांच्या मेळाव्यात किंवा परदेशातल्या मराठी मंडळांच्या कार्यक्रमात हे गाणं थेट वाद्यांवर घेतलं, की पहिली गडबड ठेक्यात होते. हे गाणं रुंबा फ्लामेंकोच्या, म्हणजे फ्लामेंकोतल्या एका नाचऱ्या ठेक्याच्या, घरातलं. आठ मात्रांची वाटणी तीन-तीन-दोन, म्हणजे जोर पहिल्या, चौथ्या आणि सातव्या मात्रेवर. आपला ढोलकीवाला आठ मात्रा म्हटल्यावर सरळ केरवा धरतो, आणि केरव्याचा जोर पहिल्या आणि पाचव्या मात्रेवर. मात्रा तेवढ्याच, लय तीच, तरीही गाणं मार्चिंगसारखं चालू लागतं. उपाय सोपा: ढोलकीवाल्याला पाचवी मात्रा पूर्ण मोकळी सोडायला सांगा, चौथीवर आणि सातवीवर चाट मारायला सांगा. गिटारवर उजव्या हाताचा तळवा तारांवर आपटून आवाज बंद करायचा, ती ‘टक’ही त्याच जागी यायला हवी.

टाळी दोन तऱ्हांची. पोकळ तळव्यांची दबकी टाळी कडव्याखाली. उजव्या हाताची बोटं डाव्या तळव्यावर मारून निघणारी कोरडी, कडक टाळी ध्रुवपदाला. फ्लामेंकोवाले हा फरक कटाक्षानं पाळतात. सगळीकडे एकच कडक टाळी वाजवली तर कडव्यातली गोष्ट ऐकूच येत नाही आणि ध्रुवपदाला चढायला जागा उरत नाही.

नाचाचा क्रम असा: आधी दोन्ही तळवे जमिनीकडे करून हात एकमेकांवरून आडवे फिरवायचे, वरचा हात आलटूनपालटून. मग अंगठा खांद्यावरून मागे दाखवायचा, एका बाजूनं आणि मग दुसऱ्या बाजूनं. मग दोन्ही मनगटं एकमेकांभोवती गोल फिरवत वर न्यायची. शेवटी एक हात कपाळाशी, दुसरा डोक्यामागे, आणि गुडघे आत-बाहेर. हे बसून, उभ्यानं, गर्दीत, हातात पेला असतानाही अर्धंमुर्धं करता येतं. पावलं जवळपास नाहीतच, म्हणून समुद्रकाठच्या बारमध्ये ते इतकं पसरलं. शिकवताना शेवटची हालचाल आधी घ्या. तीच सगळ्यात अवघड, आणि गाताना श्वास तिथेच तुटतो. हात वर, गुडघे हलते, अक्षरं सर्वांत जलद. गाणाऱ्या मुलींपैकी एकीनं त्या ओळीत गुडघे न हलवता उभं राहावं आणि सूर धरावा. प्रेक्षकांच्या ते लक्षातही येत नाही.

नृत्यदिग्दर्शकांना इथे हात शिवशिवतात: फिरक्या, उड्या, रांगा बदलणं. कडव्यांत खुशाल करा. ध्रुवपदात प्रेक्षक आपले हात वर करून तयार असतात. तुम्ही वेगळं काही केलंत तर ते खाली बसतात.

आणखी एक शब्द उच्चाराबद्दल. ‘दिएगो’ या नावात जोर ‘ए’वर आहे. मराठी तोंडी पहिल्या ‘दि’वर जोर पडतो आणि नाव मात्रेच्या मागे पडतं. ‘दि’ मात्रेच्या किंचित आधी उचलायचा, ‘ए’ मात्रेवर ठेवायचा.

परवानगी आणि श्रेय

रूपांतर करण्याआधी चालीचा आणि शब्दांचा मालक कोण हे लिहून ठेवावं. ‘लांबाडा’चं प्रकरण याच कारणासाठी लक्षात ठेवायचं. काओमा या गटाचं १९८९ चं ते गाणं बोलिव्हियाच्या लोस क्यार्कास गटाच्या १९८१ च्या गाण्यावरून घेतलेलं होतं, तबकडीच्या लेबलवर रचनाकार म्हणून नाव भलत्याचंच होतं, आणि प्रकरण कोर्टात जाऊन मूळ रचनाकारांच्या बाजूनं लागलं. ‘रागातांगा’ला असं काही भोगावं लागलं नाही. दोन्ही गट सोनीच्याच छत्राखाली होते आणि मूळ गायिका स्वतः त्यात सहभागी होत्या.

भारतात कॉपीराइट कायद्याच्या ३१-सी कलमात कव्हरची सोय २०१२ च्या दुरुस्तीनं आली. पहिलं ध्वनिमुद्रण ज्या वर्षी झालं ते वर्ष संपल्यापासून पाच वर्षं उलटावी लागतात. २००२ च्या गाण्याला ही मुदत २००७ अखेर संपली. आगाऊ नोटीस द्यावी लागते, स्वामित्वधन आधी भरावं लागतं, आणि दर वर्षी किमान ५०,००० प्रतींचं धरूनच. हा आकडा छोट्या गटाला पेलणारा नाही. वेष्टनावर ‘कव्हर आवृत्ती’ असं छापावं लागतं आणि आधीच्या गायिकांचं नाव किंवा चित्र वापरता येत नाही. ‘लास केचपचं सुपरहिट गाणं मराठीत’ अशी जाहिरात त्या नियमात बसत नाही.

आणि मराठी शब्द घातलेत तर हे कलम कामाचंच नाही. त्यात फक्त तांत्रिकदृष्ट्या अटळ असलेल्या किंवा मालकाच्या संमतीनं आधीच झालेल्या बदलांना वाव आहे. भाषांतर हा स्वतंत्र हक्क आहे, त्यासाठी प्रकाशकाकडून लेखी संमती घ्यावी लागते. पत्रात तीन गोष्टी स्पष्ट मागाव्यात: कडव्यांचं मराठी रूपांतर, ध्रुवपद जसंच्या तसं ठेवण्याची मुभा, आणि दृश्यफितीसोबत वापर. तिसरी गोष्ट पहिल्या दोनांत येत नाही. ती राहून गेली की ध्वनिमुद्रण कायदेशीर आणि व्हिडिओ मात्र उतरवलेला, अशी स्थिती होते. श्रेयाच्या रकान्यात गीत आणि संगीत दोन्हीपुढे मानुएल रुइस, आणि मराठी शब्दकाराचं नाव वेगळ्या ओळीत, ‘रूपांतर’ या शब्दापुढे.